शनिवारचं भांडण

चांगुणाने बोहारणीला कपड्यांचं एक गाठोडं देऊन स्टीलचा डबा घेतला आणि कामाच्या पाळीवरून आलेल्या तिच्या नवऱ्याने, झुंबरने, तो डबा उचलून अंगणात भिरकावला. डबा घरंगळत शेजारच्या सावळीरामच्या ओट्याशी जाऊन थांबला. त्यामुळे भांडण झाल्याचं वसाहतीला वेगळं कळवावं लागलं नाही.

खरं तर भांडण असं झालंच नव्हतं. झुंबर एवढंच म्हणाला होता, "समदंच दिलं?" आणि चांगुणा म्हणाली होती, "समदंच." त्यानंतर दोघांनी बोलणं टाकलं. एकलहऱ्याच्या पॉवर हाऊसच्या त्या वसाहतीत मात्र डब्याच्या किमतीवर चार दिवस चर्चा चालली. एवढ्या कपड्यांवर एखादं पातेलं तरी जास्तीचं घ्यायला हवं होतं, असं बायकांचं मत पडलं. बोहारणीशी व्यवहार बाईमाणसाचा, त्यात पुरुषाने नाक खुपसू नये, असंही काहींचं म्हणणं होतं.

गाठोड्यात काय होतं ते कुणी विचारलं नाही. त्यात छबूची झबली आणि फ्रॉक होते. छबू ही त्यांची एकुलती एक मुलगी. मागच्या उन्हाळ्यात उलट्या-जुलाबांचं निमित्त होऊन गेली. तेव्हा झुंबरच्या आईने, आक्काबाईने, घराला सांगून टाकलं होतं, "गेलेल्याचं नाव काढायचं नाय. नाव काढलं का जखम चिघळती." आक्काबाईचा शब्द म्हणजे त्या दोन खोल्यांतला कायदा होता. धाकटा भाऊ सहादू, त्याची बायको आणि त्यांची चार पोरं तो पाळायची. झुंबर आणि चांगुणाही पाळायची. नवरा-बायकोला तिथे एकांत मिळायचा तो नळावर पाण्याचा हंडा डोक्यावर चढवून देण्यापुरता, आणि तिथेही मागे रांग असायची.

सावळीराम युनियनचा माणूस. दोघांच्या मध्ये तिसरा बसवला की कुठलाही प्रश्न सुटतो, यावर त्याची श्रद्धा होती. एके दिवशी तो पोचा पडलेला डबा हातात घेऊन आला.

"जयभीम, आक्का. हे असं किती दिवस चालायचं? नाशकात शालिमारजवळ बायांनी कुटुंब सल्ला केंद्र काढलंय. दर शनिवारी. नवरा-बायकोची भांडणं मिटवत्यात. पैसा लागत नाय."

"भांडणं मिटवायला नाशिकला?" आक्काबाई म्हणाली. "आमची तर चुलीपुढंच मिटायची."

"मिटायची का दबायची, आक्का?"

आक्काबाईने त्याच्या हातातला डबा काढून घेतला आणि ती म्हणाली, "जाऊ दे दोघांना."

या आक्काबाईने लग्न झाल्यापासून त्या दोघांना जत्रेलासुद्धा एकटं सोडलं नव्हतं. नवरा-बायको हसतखेळत शहरात निघाली असती तर वसाहतीने तोंडात बोटं घातली असती. भांडायला निघाली म्हणून सगळ्यांनी कौतुकाने वाट दिली. सहादूच्या बायकोने तर सोबत दशम्या बांधून दिल्या.

केंद्रातल्या लताबाई पुण्याला रीतसर शिक्षण घेऊन आल्या होत्या. मनाने निर्मळ बाई. कुणाचाही संसार मोडलेला त्यांना बघवत नसे आणि हाताला उत्साह इतका, की मोडला नसला तरी त्या सांधायला घेत.

"भांडण कशावरून झालं?" त्यांनी विचारलं.

"डब्यावरून," झुंबर म्हणाला.

"डब्यावरूनच," चांगुणा म्हणाली.

मग तासभर डब्यावर बोलणं झालं. घरातली खरेदी दोघांच्या विचाराने करावी, वस्तूपेक्षा माणूस मोठं, रागाच्या भरात काही फेकू नये, असं लताबाईंनी समजावलं. आग रामेश्वरी आणि बंब सोमेश्वरी, पण त्यांना तरी कसं कळावं? दोघांनी माना डोलावल्या आणि तितक्याच अबोल्याने ती सीबीएसच्या बस स्टँडवर आली.

नाशिकरोडची बस नुकतीच गेली होती. जागा होती ती सटाण्याच्या फलाटावरच्या बाकावर. दोघं दोन टोकांना बसली. बराच वेळ गेल्यावर झुंबर समोर बघतच म्हणाला, "कपडे का दिले?"

"बघवंना मला. पेटी उघडली का तिचा वास यायचा."

"म्हनून तर मी उघडायचो."

चांगुणाने मान वळवून त्याच्याकडे पाहिलं. "कवा?"

"तू पान्याला गेलीस का."

"मला काय ठावं! मला वाटलं, तुमी इसरले तिला."

"मला वाटलं तू इसरली. बोहारनीला देऊन मोकळी झाली."

आणि मग ती दोघं रडली. वर्षभराचं साठलेलं रडणं होतं, ते हुंदक्यांनी येत राहिलं. बस स्टँडवर रडणाऱ्याकडे कुणी बघत नाही. कुणीतरी कुणाला तरी निरोप द्यायला आलेलंच असतं. एका कंडक्टरने तेवढं जाता जाता म्हटलं, "माहेरी चालली वाटतं? येईल हो परत."

छबूला भाकरीचा पापुद्रा कसा आवडायचा, सायरन झाला की ती "बापाचा भोंगा" म्हणून दाराकडे कशी पळायची, हे दोघांनी एकमेकांना सांगितलं. दोघांनाही ते माहीत होतं, तरी सांगितलं. दशम्या खाल्ल्या. तीन बसगाड्या सोडल्या.

दुसऱ्या शनिवारी दोघांचे चेहरे पाहून लताबाई खूश झाल्या. "बघा, संवादाने केवढा फरक पडतो! आता तुम्हाला यायची गरजच नाही."

यायची गरज नाही म्हणजे शनिवार गेला, सटाण्याचा फलाट गेला आणि छबूही पुन्हा गेली. चांगुणाने पदर तोंडाला लावला आणि ती म्हणाली, "बाई, परवा ह्यांनी ताट भिरकावलं."

"कुठलं ताट?" असं झुंबर विचारणारच होता. मग त्याच्याही डोक्यात प्रकाश पडला. "हा," तो खाली मान घालून म्हणाला. "लांब गेलं."

त्या दिवसापासून जाताना बसमध्ये भांडण जुळवायचं आणि येताना बाकावर बसायचं, असं सुरू झालं.

"आज दारूचं सांगते."

"दारूचं नको. मी पीत नाय, उगंच नाव खराब."

"मग मारता म्हनू?"

"येडी का काय तू? घोरतो म्हन."

घोरण्यावर लताबाईंनी कुशीवर झोपायला सांगितलं. पुढच्या शनिवारी भाजी अळणी निघाली, त्याच्या पुढच्या वेळी झुंबरचं सिनेमाचं वेड. लताबाई दर खेपेला मनापासून उपाय सांगत आणि एक भांडण मिटलं की ही दोघं दुसरं हजर करत. बाई बिचारी खंगत चालली. आपल्या शिक्षणातच काही खोट राहिली असावी, असं त्यांना वाटायला लागलं. इकडे घरी मात्र झुंबरला भूक लागत होती आणि चांगुणा कधी कधी गुणगुणत होती. वसाहतीतली आणखी दोन जोडपी केंद्राचा पत्ता विचारून गेली.

अखेर दोघांकडचे दुर्गुण संपले. गरिबाकडे दुर्गुण तरी किती असणार, त्यालाही ऐपत लागते.

"आता सासूबाईच ऱ्हायल्या," चांगुणा बसमध्ये हळूच म्हणाली.

"आईचं नाव नको."

"आवो, त्या थोड्याच येनार हायेत तिथं?"

झुंबर नाशिकरोड ते शालिमार गप्प बसला आणि ते गप्प बसणं चांगुणाने होकार धरलं. लताबाईंपुढे तिने सांगितलं, "सासू पोटाला देत नाय."

त्या दिवसांत पेपरात स्टोव्हच्या भडक्याने सुना जळाल्याच्या बातम्या वरचेवर यायच्या. लताबाईंचा चेहरा पांढरा पडला. इतके दिवस सगळं आत दाबून ठेवलं होतं तर या मुलीने! बुधवारी दुपारी त्या संस्थेतल्या आणखी एका धिप्पाड बाईंना घेऊन थेट एकलहऱ्यात हजर झाल्या.

दार उघडंच होतं. चांगुणा जेवायला बसली होती आणि आक्काबाई तव्यावरची भाकरी तिच्या ताटात टाकत होती. "खा गं, हाडं दिसत्यात," असंही म्हणत होती.

"आम्ही येणार हे यांना कुणी कळवलं?" लताबाईंनी दारातूनच विचारलं.

चांगुणाच्या हातातला घास तसाच राहिला. "बाई, खोटं हाय ते! मी खोटं बोलले!"

"घाबरू नकोस. आता आम्ही आहोत."

"तसं नाय हो, त्या लय जीव लावत्यात."

"बघा, धाकामुळे कसं बोलायला लागतंय," धिप्पाड बाई म्हणाल्या.

चांगुणा जितकी नाही म्हणाली तितका त्यांचा संशय पक्का झाला. खिडकीत, ओट्यावर वसाहत गोळा झाली. लताबाईंनी आक्काबाईला भराभर सगळं विचारलं. सुनेला उपाशी का ठेवता? मुलाने ताट भिरकावलं तेव्हा का अडवलं नाही? त्याचं सिनेमाचं वेड? आक्काबाई हातातल्या पिठासकट नुसती उभी राहिली.

तेवढ्यात पाळी संपवून कोळशाने काळा झालेला झुंबर दारात आला. त्याने एकवार सगळीकडे पाहिलं आणि म्हणाला, "बाई, आमी भांडत नाय. आईनं काय केलं नाय."

"मग दर शनिवारी इतक्या लांब येता कशाला?"

"बोलाया."

"बोलायला? घर आहे की तुम्हाला."

झुंबरने घराकडे पाहिलं. सहादूची चार पोरं, खिडकीतली तोंडं, चुलीपाशी उभी असलेली आई. मग तो म्हणाला, "छबूचं नाव काढाया येतो, बाई. आमची पोरगी. इथं काढता येत नाय."

ते नाव त्या घरात वर्षभराने पहिल्यांदा उच्चारलं गेलं. आक्काबाई वळली आणि आतल्या खोलीत जाऊन भिंतीकडे तोंड करून बसली. लताबाईंच्या डोळ्यांत पाणी आलं. जाताना त्यांनी दोघांच्या डोक्यावरून हात फिरवला. "तुमचं मिटलंय. सल्ल्याचा उपयोग झाला म्हणायचा," असं म्हणून त्या गेल्या. सुंठीवाचून खोकला गेला होता आणि सुंठीचं नाव झालं होतं.

चांगुणाने आत जाऊन सासूचे पाय धरले. "ऊठ," आक्काबाई म्हणाली. "भाकरी गार झाली तुझी."

छबूचं नाव मात्र त्यानंतर घरात पुन्हा निघालं नाही. वसाहतीने दोघांचं अभिनंदन केलं. सावळीरामने पेढे वाटले. आता भांडण नाही म्हटल्यावर नाशिकला जायचं कारणही उरलं नाही. येणारा शनिवार घरात गेला, त्याच्या पुढचाही गेला. दोघं पुन्हा नळावरच भेटायला लागली. चांगुणाचं गुणगुणणं थांबलं आणि झुंबर ताटात अर्धी भाकरी ठेवून उठायला लागला. आनंदाने संसार करायचा म्हणजे काय, ते त्यांना आता कळत होतं.

तिसऱ्या शनिवारी आक्काबाई धुवट लुगडं नेसून, हातात पिशवी घेऊन दारात उभी राहिली.

"चला."

"कुठं, आई?"

"त्या बाईकडं. माझं बी भांडान हाय."

वाटेत कुणाशी ते तिने सांगितलं नाही. चांगुणा बसमध्ये सारा वेळ जीव मुठीत धरून बसली. भांडण आपल्याशीच असणार आणि ते रास्तच आहे, हे तिला ठाऊक होतं.

लताबाईंनी तिघांना पाहून उसासा टाकला. "आता काय झालं?"

"ह्यांचं काय नाय," आक्काबाई खुर्चीच्या काठावर बसत म्हणाली. "माझं हाय. झुंबरच्या बापाशी."

"मग त्यांनाही आणायचं ना. इथे दोघांनी यावं लागतं, आजी."

"तो नाय यायचा. झुंबर शाळंत हुता तवाच गेला." तिने पिशवी मांडीवर घट्ट धरली. "झुंबरच्या आधी तीन लेकरं मातीत घातली मी. दर येळंला तो मूठमाती देऊन यायचा आन् कामावर जायचा. मी रडाया लागले का म्हनायचा, गप. मी गप बसले. मग मीच दुसऱ्याला गप म्हनाया शिकले, बाई. येकदा तरी मांडीला मांडी लावून रडाया पायजे हुतं का नाय त्यानं? तुमीच सांगा."

लताबाईंनी या वेळी काहीच सांगितलं नाही. त्यांनी झुंबर आणि चांगुणाला बाहेर बसायची खूण केली आणि दार लोटून घेतलं.

बाहेरच्या बाकावर एक जोडपं आपली पाळी यायची वाट बघत होतं. आतून आक्काबाईचा आवाज येत होता. ती एकेक नाव घेत होती. झुंबरने ती नावं आजवर कधी ऐकली नव्हती.

"आत कोन हाय?" त्या जोडप्यातल्या बाईने विचारलं.

"आई माझी."

"कुनाशी भांडान?"

"वडलांशी."

"मंग वडील कुठं?"

"ते नाय आले."

"येतील हो," ती बाई समजुतीच्या सुरात म्हणाली आणि आपल्या नवऱ्याकडे बोट दाखवलं. "ह्ये बी पयल्यांदा येत नव्हते."