थर्ड शिफ्टचे आत्मारामकाका

खाण बंद पडून चार वर्षं झाली तरी आत्मारामकाका रोज रात्री साडेनऊला कामावर जायला तयार होत. खाकी शर्ट, खाली लुंगीऐवजी पँट, पायात ते जाड बूट, हातात डबा आणि टॉर्च. एवढा सगळा थाट करून ते जात कुठे, तर स्वतःच्याच घराच्या सोप्यावर. तिथल्या लाकडी बाकड्यावर ठाण मांडून बसायचं, रात्री दोनला डबा उघडायचा, कोरा चहा प्यायचा आणि सकाळी सहाला उठून आत जाऊन झोपायचं. कोणी विचारलं तर म्हणत, "शिफ्ट ती शिफ्ट. खाण बंद झाली म्हणान माझी नीज बदलतली काय?"

गोव्यातल्या लाटंबार्श्यात मी लग्न होऊन आले तेव्हा हा प्रकार पाहून पोट धरून हसले होते. माझी मुलगी सई जन्माला आली आणि माझं हसू पार मावळलं.

सई चार महिन्यांची होईपर्यंत एकदाही सलग दोन तास झोपली नाही. दर तासाला उठायची आणि असा टाहो फोडायची की वाटावं, हिला आम्ही कोणाकडून पळवून आणलं आहे. दृष्ट काढून झाली, पोटावर हिंगाचं पाणी झालं, साखळी गावच्या डॉक्टरांनी "काही नाही, होईल सवय" म्हणून परत पाठवलं. सवय कोणाला होणार, तिला की मला, हे त्यांनी सांगितलं नाही. नवरा पणजीला नोकरीला, शनिवारी रात्री येणार आणि सोमवारी पहाटे जाणार. माझी आई दोडामार्गाहून आली होती, पण काजूचा हंगाम लागल्यावर तिला परत जावंच लागलं. सासू-सासरे आमच्या लग्नाआधीच गेलेले. म्हणजे रात्री त्या घरात मी आणि सई, दोघीच, आणि त्यातली एक सतत रडणारी. खरं सांगायचं तर कधीकधी दोघीही.

आत्मारामकाकांचं घर आमच्या घराला लागूनच. मधे हातभर भिंत. आई गेल्यावर तिसऱ्या की चौथ्या रात्री खिडकीवर टॉर्च ठोकल्याचा आवाज आला.

"सुनबाय, चेडू माका दी. थर्ड शिफ्ट माझी. तू नीज."

मी नको म्हटलं. बायको जाऊन सहा वर्षं झालेला एकटा माणूस, रात्रीची वेळ, आणि आमच्या वाड्यावरच्या, म्हणजे वस्तीतल्या, बायकांच्या जिभा. शिवाय ज्या माणसाला स्वतःचा चहा उतू न घालवता करता येत नाही त्याच्या हातात मूल काय द्यायचं? ते "बरां" म्हणाले आणि बाकड्यावर जाऊन बसले. दुसऱ्या रात्री पुन्हा टॉर्च. तिसऱ्या रात्री पुन्हा.

मग एकदा पहाटे मी सईला खांद्यावर घेऊन पाणी तापवायला चुलीपाशी उभी होते आणि उभ्या उभ्या मला झोप लागली. जाग आली ती सई खांद्यावरून घसरत असताना. तिचा पाय मी कसाबसा धरला. टोपातलं पाणी उकळत होतं. हातभर अंतर होतं, जास्त नाही. मी दार उघडलं, काकांच्या सोप्यावर गेले आणि मूल त्यांच्या हातात दिलं. त्या दिवसापासून माझ्या सोप्यावर, माझं दार अर्धं उघडं ठेवून, आत्मारामकाकांची ड्यूटी सुरू झाली.

काका खाणीत पंप ऑपरेटर होते. खोल खड्ड्यात झऱ्याचं पाणी सारखं भरतं, ते रात्रभर उपसत ठेवायचं काम. तीस वर्षं त्यांनी रात्रीचा तोच पंप ऐकला. त्यामुळे बालसंगोपनाची त्यांची सगळी विद्या पंपावरून आलेली. "चेडू रडला म्हणजे काय? पंप बंद पडलो. घाबराचा नाय. आधी आवाज आयकाचो." ते सईला गोधडीत गुंडाळून छातीशी धरत आणि घशातून एकसारखा, खोल, घर्र घर्र आवाज काढत येरझारा घालत. अंगाईबिंगाई काही नाही. तो ऐकून माझी पोर खरोखर गप्प व्हायची. पुढे पुढे मलाही त्याशिवाय झोप येईना.

दूध पाजायची वेळ झाली की ते दाराबाहेर उभे राहून दोनदा खोकत. मी सईला आत घ्यायची, पाजायची, परत द्यायची. तेवढा वेळ ते अंगणात पाठ करून उभे. आणि सकाळी सहाला चार्ज देणं. त्यात हयगय नाही. मी समोर येऊन उभी राहायची, मग ते रिपोर्ट देत. "दोनांक उठला, तुजेकडे दिला. तीनांक परत उठला, पाव तास. आता रनिंग. घेतलंस चार्ज?" मी "घेतला" म्हटल्याशिवाय मूल हातात देत नसत. बदलीचा माणूस आला नाही तर पंप सोडून जायचं नाही, हा खाणीचा नियम. एकदा म्हणे बदलीवाला आलाच नाही, तर काका दुसऱ्या दिवशीच्या दुपारपर्यंत पंपाजवळ उपाशी बसून होते. हे ते अभिमानाने सांगत. मला त्यात अभिमानासारखं काय आहे ते कळत नसे.

सहानंतर सई जरा झोपे, आणि तिथून काकांचं दुसरं वेड सुरू होई. वाड्यावर आवाज म्हणून चालायचा नाही. पोदेर सायकलवरून भोंगा वाजवत पाव घेऊन येतो, त्याला काकांनी वाड्याबाहेरच्या मोरीपुलापाशीच अडवलं. सगळ्या वाड्याचा पाव स्वतः ताब्यात घेतला आणि घरोघरी पावलं न वाजवता वाटायला निघाले. कोणाचं काय ते लक्षात राहीना. पलीकडच्या सुमतीआजीला एकही दात नाही, तिच्या दारात कडक उंडे पडले आणि तिचे मऊ पाव, पोळ्या म्हणतात त्यांना, भलत्याच घरी गेले. म्हातारी तावातावाने आली, "आत्माराम, हे उंडे तू खा, नायतर माका दात हाडून दी!" काकांनी तोंडावर बोट ठेवलं. मासळीवालीचं ओरडणंही त्यांनी बंद केलं, तेव्हा ती बाई गुपचूप आली आणि गुपचूप गेली, आणि अख्ख्या वाड्याने त्या दिवशी डाळ खाल्ली. लोक म्हणू लागले, आत्माराम खुळावला. मी मात्र कानावर पांघरूण घेऊन झोपत होते. माझ्या झोपेसाठी वाडा उपाशी राहिला असता तरी त्या दिवसांत मला काही वाटलं नसतं.

वैशाखात काकांच्या बायकोचं श्राद्ध होतं. त्यासाठी त्यांची एकुलती एक मुलगी शालन कुडाळहून आली. मी तिला पहिल्यांदाच भेटत होते. ती माझ्याशी बोलायला लागली आणि मला वाटलं, हिचा घसा बसला आहे. पातेलं गरम आहे हेही ती कुजबुजून सांगे. मी सुंठ-मध देऊ का विचारलं, तर हसली.

"घसो बरो आसा वैनी. कुडाळाक मी बरी बोलतंय. हंय आयलंय काय आवाजच येत नाय."

मग स्वयंपाकघरात मी नारळ खवत असताना तिने सांगितलं. बाबा सकाळी सातला यायचे आणि झोपायचे. आईने खिडक्यांना पोती लावलेली, कोंबड्या दुसऱ्यांच्या घरी दिलेल्या. ही रडायला लागली की आई तिला उचलून लांब कुळागरात, सुपारीच्या बागेत न्यायची, तिथे पोटभर रडून घ्यायचं आणि मग घरी यायचं. शाळेत पहिला नंबर आला तो बाबांना संध्याकाळी कळला, तेही कुजबुजून. "आमचां कधी भांडण नाय झालां. भांडाक तरी मोठ्यान बोलाक होयां मां?"

मी खवणी थांबवली. मला माझ्या वाड्यावरची ती शांतता आठवली, जिच्यात मी इतके दिवस मजेत झोपत होते, आणि मला स्वतःचीच लाज वाटली.

शालन एवढ्यावर थांबली नाही. लग्नाला आठ वर्षं झाली होती आणि आता तिला तिसरा महिना होता. सासू अंथरुणाला खिळलेली. पहिलं बाळंतपण माहेरी व्हायचं, पण माहेरी आई नाही. बाबांना विचारायचं होतं, येऊ का म्हणून. दिवसभर भटजी आणि पाहुणे. "रातचां विचारतंय. रातचे ते जागेच आसतत." सकाळी साडेसहाच्या दोडामार्गाच्या बसने तिला परत जायचं होतं. तिने सोप्याकडे पाहिलं. काका सईला घेऊन घर्र घर्र करत होते. "माका असा घेतलेला आठवत नाय," ती म्हणाली. तिच्या बोलण्यात राग नव्हता, आणि तेच मला जास्त लागलं.

त्या रात्री दोनला मी सईला पाजलं आणि परत दिलं. त्यानंतर मी झोपले ती अशी झोपले की बाळंतपणानंतर कधी झोपले नव्हते. जाग आली तेव्हा सोप्यावर ऊन होतं. सात वाजून गेले होते. मी धावत बाहेर आले.

काका बाकड्यावर ताठ बसले होते. सई त्यांच्या छातीवर गाढ झोपलेली. मी "घेतला, घेतला चार्ज" म्हणत हात पुढे केले, पण त्यांनी रिपोर्ट दिला नाही.

"शालन गेली," ते म्हणाले. "साडेतीनांक ती भायर आयली. बाबा म्हणाली. चेडू तेवढ्यातच निजलेला. मी असां केलंय." त्यांनी ओठांवर बोट ठेवून दाखवलं. "ती आत गेली. सकाळी पायां पडली आणि गेली. कायतरी सांगूचां हुतां तिका."

"मग तुम्ही मागनं का नाही गेलात? बस मोरीवरच तर थांबते!"

"चार्ज कोणाक दितलंय?"

"मला हाक मारायची! नुसतं खोकायचं!"

"तू गाढ निजलेलंस गो," काका म्हणाले. "इतक्या दिसांनी."

मला भयंकर राग आला. त्यांचा, त्यांच्या पंपाचा, माझ्या झोपेचा. मी सईला त्यांच्याकडून ओढून घेतलं आणि तिथेच उभ्या उभ्या सगळं सांगून टाकलं. तिसरा महिना, सासू, माहेर, काय विचारायचं होतं ते. दुसऱ्याचं गुपित होतं, पण मला पर्वा नव्हती.

काकांनी खिशातून फोन काढला. त्यांना नंबर लावता येईना, तो मी लावून दिला. बस एव्हाना दोडामार्गाच्या चढावर असेल. पलीकडून काहीतरी बारीक आवाज आला.

आणि तीस वर्षांत ज्या माणसाचा आवाज वाड्याने कधी चढलेला ऐकला नव्हता, तो माणूस उभा राहून ओरडला, "शालन! बाळंतपणाक हंय ये! आयकतंस मां गो? घराक ये!"

सई दचकून उठली आणि तिने टाहो फोडला. सुमतीआजी दारात आली. पलीकडच्या घरांतूनही माणसं बाहेर आली. काकांनी कोणाकडे पाहिलं नाही. एक हात कानावर घट्ट दाबून ते फोनमध्ये ऐकायचा प्रयत्न करत होते. पोरगी सवयीने कुजबुजत असणार. त्यांना काही कळत नव्हतं आणि डोळ्यांतून पाणी वाहत होतं.

"मोठ्यान सांग," ते म्हणत होते. "मोठ्यान सांग गो बाये. हंय कोणच निजाक नाय."