सीनाच्या शांपूत क्वाबाची वडी

"शांपूचं एवढं काय कौतुक," डॉमिनोची सोंगटी टेबलावर आपटत गिल्दो म्हणाला. "तीस वर्षं माझ्याच स्वयंपाकघरात होत होता. बाराच्या बारा बाटल्या एकट्याने भरून दाखवतो."

चागोच्या किराणा दुकानापुढचं ते टेबल म्हणजे बानी गावातल्या निम्म्या फुशारक्यांची जन्मभूमी. बहुतेक फुशारक्या संध्याकाळपर्यंत तिथेच मरतात. ही मात्र जगली, कारण चागोची बायको चेपिना आत तांदूळ मापत होती आणि तिने त्याच आठवड्यात केस तांबडे करून घेतले होते. मापटं तसंच टाकून ती बाहेर आली.

"गिल्दोदादा, खरंच? सीनाताईचा शांपू?"

"चर्चमधल्या तिच्या वर्षाच्या मिस्सेच्या आदल्या दिवशी प्रत्येकीच्या दारात बाटली पोचेल," गिल्दो म्हणाला. तीस वर्षं बानी ते राजधानी अशी प्रवासी व्हॅन चालवल्यामुळे दिलेली वेळ पाळायची त्याला सवय होती. शांपूची मात्र नव्हती.

त्याची बायको सीना गेली त्याला वर्ष होत आलं होतं. गल्लीतल्या बारा जणी केस रंगवायच्या आणि बाराही जणी सीनाचाच शांपू लावायच्या. बाजारातल्या शांपूने पंधरा दिवसांत रंग नाल्याला लागायचा. सीनाचा शांपू मळ तेवढा काढायचा, रंगाला बोट लावायचा नाही. ती गेल्यापासून गल्लीतली डोकी फिकी पडत चालली होती, आणि तिच्यासाठी रडणाऱ्यांत काही जणी थोडं स्वतःच्या केसांसाठीही रडत होत्या, हे गिल्दोला माहीत होतं. त्याचा त्यांच्यावर राग नव्हता.

खरं कारण त्याने डॉमिनोच्या टेबलावर सांगितलं नाही. नऊ दिवसांच्या प्रार्थना संपल्या त्या दिवशी सीनाची धाकटी बहीण ओझेमा हिने कपाट उघडलं, ताईचे सगळे कपडे आपल्या घरच्या मशीनमध्ये धुतले आणि चर्चला देऊन टाकले. भल्यासाठीच केलं होतं. पण पुढे एका दुपारी गिल्दोने कपाटात डोकं घातलं, तर आत नुसता लाकडाचा वास. उशीला वास नाही, टॉवेलला नाही. सीनाचा चेहरा फोटोत होता, आवाज फोनमध्ये होता, वास मात्र घरातून साफ निघून गेला होता. त्या दिवसापासून तो मेव्हणीशी बोलत नव्हता. ती त्याचे शर्ट दर सोमवारी धुवायला नेत असे आणि परत आणून देत असे, तेही दोघं एकमेकांकडे न बघता.

आणि मिस्सेची तारीख जवळ आली होती. वर्षाची मिस्सा झाली की सुतक सुटतं, काळे कपडे उतरतात, रेडिओ लावायला हरकत नसते, आणि लोक तुम्हाला माणूस गेलेलं घर म्हणून वागवायचं थांबवतात. गिल्दोला त्याआधी एकच गोष्ट हवी होती. बारा जणी सीनाच्या शांपूने न्हाऊन चर्चमध्ये याव्यात, त्याच्या आजूबाजूला बसाव्यात, आणि तासभर का होईना, त्याला तो वास पुन्हा मिळावा.

ओझेमाच्या कानावर बातमी गेलीच. ती कुंपणापाशी येऊन उभी राहिली.

"भाऊजी, शांपू करताय म्हणे. मला विचारा काय विचारायचं ते."

"कपाटाला हात लावताना तू मला विचारलं होतंस?"

"मग करा तुमच्या मनाचं," ती म्हणाली आणि घरात गेली.

विचारायची गरज काय होती? गिल्दोला कृती पाठ होती, निदान त्याच्या मते. दर पंधरवड्याच्या गुरुवारी सीना डोक्याला फडकं बांधायची, मोठं पातेलं काढायची आणि त्याला सांगायची, "जा, क्वाबाची वडी घेऊन ये. आणि घाई करू नकोस, सावकाश ये." क्वाबा म्हणजे पाइनच्या राळेचा तो पिवळाधमक साबण, गावात घरोघरी असतो. गिल्दो जायचा, डॉमिनोचे तीन डाव खेळायचा, कागदात गुंडाळलेली वडी घेऊन परतायचा. तोवर स्वयंपाकघर वाफेने भरलेलं असायचं. "ठेव तिथे," सीना म्हणायची. मग तो तिच्या मानेशी नाक नेऊन एकदा दीर्घ श्वास घ्यायचा, ती कोपर मारायची, आणि शांपू झालेला असायचा. जवस, कोरफड, रोझमेरीच्या काड्या हे सगळं त्याने पातेल्याशेजारी पडलेलं पाहिलं होतं. साबण तर तो स्वतःच आणत होता. राहिलं काय?

फळीवर काळ्याभोर, गुळगुळीत बियांनी भरलेला एक डबाही होता. त्या जपमाळेसाठी जमवलेल्या, हे उघडच होतं. सीना गेल्यावर त्याने तो डबा तिच्या फोटोपुढे ठेवला होता आणि रोज त्याला हात लावून कपाळावर क्रूस काढत होता.

गुरुवारी सकाळी त्याने सीनाचंच फडकं डोक्याला बांधलं. सात वड्या किसल्या. बाराजणींना सहा म्हणजे अर्धी अर्धी, शिवाय वर एक, कारण सीनाचा हात सढळ होता. पातेलं चढवलं. पहिली दहा मिनिटं पातेलं गुणी मुलासारखं वागलं. अकराव्या मिनिटाला फेस काठावर आला, बाराव्याला शेगडीवर, आणि गिल्दो झाकण शोधेपर्यंत जमिनीवरून चालत मागच्या दारापर्यंत गेला. मांजर फेसात शिरलं ते पांढरं होऊन बाहेर पडलं आणि दोन दिवस घरी आलं नाही. गिल्दोने फेस दाबायला थंड पाणी ओतलं, तर तो दुप्पट झाला. शेवटी तो फेसावर ओरडला, व्हॅनसमोर आडवी आलेली बकरी हाकलताना ओरडायचा तसा, आणि तेवढ्यात पाय घसरून बसकन खाली पडला.

तिथेच, घोटाभर फेसात बसलेला असताना, त्याला तो वास आला.

ऊन पडलेल्या लाकडाचा, ओल्या हातांचा, थोडा कडवट. सीनाच्या मानेचा. तो उठला नाही. पातेलं उतू जात राहिलं आणि गिल्दो लहान मुलासारखा मोठ्याने रडला, इतका की कुंपणापलीकडे ओझेमाने कपडे वाळत घालायचे थांबवले. पण ती आली नाही. तिलाही स्वाभिमान होता.

शुक्रवारी बारा बाटल्या बारा दारांत पोचल्या. पार्लरवाल्या योकास्ताने बाटली उजेडात धरून पाहिली. "रंग जरा पिवळट दिसतोय."

"सीनाचा कधी पिवळा नव्हता?"

"मला नाही आठवत, काका."

"मग बोलू नकोस," गिल्दो म्हणाला. निवृत्त शिक्षिका नेरेयदाबाईंनी दोन्ही हातांत बाटली घेऊन डोळे मिटले. त्यांचे केस गेली अकरा वर्षं जांभळ्या वांग्याच्या रंगाचे होते आणि गावात ते चर्चच्या घंटेइतकेच ओळखीचे होते.

शनिवारी सकाळी गिल्दो पहिल्या बाकावर जाऊन बसला. घंटा झाली. मागे वळून पाहिलं, तर बारा बायका एकामागून एक आत येत होत्या आणि बाराजणींची डोकी रुमालांनी घट्ट बांधलेली होती. एकीचाही केस बाहेर नाही. आजीच्या काळात बायका मिस्सेला डोकं झाकून यायच्या. आता कोण करतं? सीनासाठी या बाराजणींनी जुनी रीत परत आणली होती. पाद्रीबाबाही हेलावले. प्रवचन बाजूला ठेवून त्यांनी दहा मिनिटं बानीच्या स्त्रियांच्या नम्रतेवर बोलून घेतलं. बाराजणी खाली मान घालून बसल्या. नेरेयदाबाईंच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं. गिल्दोने त्यांच्याकडे पाहून हात जोडले. त्यांनी मान दुसरीकडे वळवली.

आणि वास होता. बाकाबाकातून, रुमालांखालून उबदार होत तो हळूहळू वर येत होता आणि पहिल्या बाकापर्यंत पोचत होता. गिल्दो डोळे मिटून तासभर त्यात बसला. वर्षात पहिल्यांदा त्याला शेजारची जागा रिकामी वाटली नाही. सगळे उठले तेव्हा तो बसलेला होता आणि सगळे गुडघ्यांवर गेले तेव्हा उभा होता.

जेवण घरी होतं. घेवडे घातलेला भात, बकऱ्याचा रस्सा, आल्याची कॉफी. पत्र्याखाली इतकं उकडत होतं की भांडीसुद्धा घामेजली होती. सगळ्या रुमाल बांधून घाम पुसत होत्या. शेवटी चेपिनाला सहन होईना.

"मी मेले तरी चालेल," ती म्हणाली आणि तिने रुमाल सोडला.

तिचे केस गाजराच्या सालीच्या रंगाचे झाले होते, तेही पट्ट्यापट्ट्यांनी, आणि नारळाच्या शेंडीसारखे ताठ उभे होते. कुणाच्या हातातला चमचा पडला. मग एकेक रुमाल सुटत गेला. योकास्ताचं सोनेरी डोकं हिरवट झालं होतं. तिच्या पार्लरचे सगळे पांढरे टॉवेल आता गुलाबी होते, हेही तिने सांगून टाकलं. नेरेयदाबाई सगळ्यात शेवटी उठल्या. अकरा वर्षांचं वांगं गेलं होतं आणि खाली पांढरेशुभ्र, पातळ केस होते. बाई एका रात्रीत म्हाताऱ्या झाल्या होत्या.

"काय घातलं होतंत तुम्ही त्यात?" योकास्ताने विचारलं.

"तेच. सीना घालायची तेच. जवस, कोरफड, रोझमेरी. आणि क्वाबा."

"क्वाबा?" चेपिना म्हणाली. "दादा, माझा नवरा त्याने ट्रकच्या इंजिनाचं काळं काढतो."

सगळ्यांनी ओझेमाकडे पाहिलं. ती रस्सा वाढत होती. तिने पळी खाली ठेवली.

"ताई क्वाबा कधीच घालत नव्हती, भाऊजी."

"मग मला दर पंधरवड्याला कशाला पाठवायची?"

"घराबाहेर काढायला." ओझेमा हलक्या आवाजात बोलत होती, पण घर इतकं शांत होतं की अंगणातही ऐकू गेलं. "तुम्ही पातेल्यापाशी उभे राहून बोलत बसायचा. राजधानीच्या रस्त्यावर कुठे टायर फुटला, कोण उतरताना काय म्हणालं. तिच्या हातून माप चुकायचं. म्हणून तासभर तुम्हाला दुकानात धाडायची. घाई करू नकोस म्हणायची ना?"

"आणि फेस? फेस कशाचा यायचा?"

"रिठ्याचा. टेकडीवरची फळं मी आणून द्यायचे, ती भिजत घालायची. बिया काढून ठेवायची."

गिल्दोने फोटोपुढच्या डब्याकडे पाहिलं. वर्षभर त्याने ज्याला हात लावून क्रूस काढला होता, तो शांपूचा कचरा होता. कुणीतरी हसू दाबलं. मग ते दाबलं गेलं नाही, आणि चेपिना गाजरी डोकं हलवत इतकी हसली की तिला पाणी द्यावं लागलं. नेरेयदाबाई सुद्धा हसल्या, पांढऱ्या केसांवर हात ठेवून. गिल्दो हसला नाही.

"पण वास तर तिचाच होता," तो म्हणाला. "चर्चमध्ये. तुम्हाला नाही आला?"

बाराजणींनी एकमेकींकडे पाहिलं. शेवटी नेरेयदाबाई बोलल्या, शाळेत सर्वांत कमजोर पोराशी बोलायच्या तशा. "गिल्दो, सीनाच्या शांपूला वास जवळजवळ नव्हताच."

"मी खोटं बोलतोय?"

"नाही, भाऊजी," ओझेमा म्हणाली. "वास तिचाच होता. वडीचं ती काय करायची माहीत आहे? पातेलं उतरलं की मागे बसून तुमचे व्हॅनचे शर्ट घासायची. कॉलरचा मळ दुसऱ्या कशाने जायचा नाही. तीस वर्षं घासले. तो तिच्या हाताला, गळ्याला लागलेला वास. शांपूचा नाही, तुमच्या शर्टांचा. मी मशीनमध्ये पावडरने धुते. मला ठाऊक नव्हतं. मला सांगायचं होतंत."

गिल्दो मागच्या अंगणात गेला आणि कपडे धुवायच्या दगडापाशी उभा राहिला. वर्षभर तो रोज त्याच्यावरून पाय टाकून गेला होता.

सोमवारी ओझेमा शर्ट न्यायला आली, तर टोपली रिकामी. गिल्दो चागोच्या दुकानात होता.

"एक क्वाबा," तो म्हणाला.

चागो एक पाऊल मागे सरकला. "परत शांपू?"

"शर्ट धुवायचेत."

चागोने वडी कागदात गुंडाळून दिली. टेबलावर सोंगट्या मांडलेल्या होत्या, खेळणाऱ्यांनी त्याच्यासाठी जागाही केली, पण तो थांबला नाही. त्याला घाईने घरी जायला आता कुणाची हरकत नव्हती.

बुधवारी सुतक सुटल्यानंतरचा पहिला पांढरा शर्ट घालून तो कुंपणापाशी उभा राहिला. शर्ट पत्र्यासारखा ताठ होता, आणि कॉलरखाली मान लालभडक झाली होती. ओझेमाने कपडे वाळत घालता घालता पाहिलं.

"भाऊजी, साबण नीट निघाला नाही शर्टातून. खाज सुटेल."

"सुटलीय," गिल्दो म्हणाला, आणि मान वाकवून त्याने कॉलरमध्ये नाक खुपसलं.