लीलाधरभाऊंचा बोकड

लीलाधरभाऊंनी पैज मारली तेव्हा त्यांच्या ताटात वांग्याचं भरीत आणि कळण्याची भाकरी होती. पोटात भरीत गेलं की भाऊंना जगातलं कुठलंच काम अवघड वाटत नसे.

"गारपिटीतून बाग काढली, करपा रोगातून काढली," ते म्हणाले. "वादळानं झोपवलेली केळी टेकू लावून उभी केली. आणि मला एक बोकड डोंगरावर चढवता येणार नाही?"

बोकड टीव्हीत होता. भाऊंची मुलगी मोहिनी जळगावला इंजिनिअरिंगला होती आणि दिवाळीच्या सुट्टीत येताना खेळाची पेटी घेऊन आली होती. पेटी टीव्हीला जोडायची, बटणांचा रिमोट दोन्ही हातांत धरायचा आणि एका पांढऱ्या बोकडाला दगडादगडांवरून उड्या मारायला लावत डोंगराच्या माथ्यावर न्यायचं, एवढाच खेळ. फक्त दगड पायाखालून निसटायचे, फळ्या झुलायच्या, कावळे टोचायला यायचे, आणि एक उडी चुकली की बोकड "बेंऽऽ" करत थेट पायथ्याशी येऊन पडायचा. मध्ये कुठं थांबा नाही. माथ्यापासून हातभर अंतरावर पडला तरी सुरुवात पुन्हा पायथ्यापासून.

"पप्पा, आमच्या वर्गातल्या निम्म्या पोरांनी हा खेळ सोडून दिला," मोहिनी म्हणाली.

"त्यांच्या बापांनी केळी लावली नसतील."

मोहिनीला मैत्रिणींबरोबर हम्पीला जायचं होतं आणि भाऊ धनत्रयोदशीपासून नाही म्हणत होते. तिनं लगेच संधी साधली. "मी कॉलेजला परत जायच्या आत बोकड माथ्यावर नेऊन दाखवा. नेलात, तर मी हम्पीचं नाव काढणार नाही. नाही नेलात, तर मला जाऊ द्यायचं."

"मान्य," म्हणून भाऊंनी भाकरीचा तुकडा मोडला.

त्यांची बायको कामिनी तव्यावरची भाकरी उलटत होती. ती मान वर न करता मुलीला म्हणाली, "बॅग भरायला घे."

दुसऱ्या दिवशी सकाळी चहा निवायच्या आत डोंगर सर करायचा, असं ठरवून भाऊ बसले. चहा निवला, त्याच्यावर साय धरली, सायीवर माशी बसली, आणि बोकड अजून तिसऱ्या दगडाच्या पुढं गेला नव्हता. भाऊंची आई शेवंताबाई शेजारी बसून मेथी निवडत होती. तिनं बराच वेळ टीव्हीकडे पाहिलं आणि काळजीनं विचारलं, "लीलाधर, ते बकरू काबरं सारखं पडून राह्यलं?"

"पडत नाही आई, शिकून राह्यलं."

"मग त्याले कोन्ही शिकवून राह्यलं का?"

हा प्रश्न भाऊंना लागला. त्या दिवसापासून त्यांनी उड्या मारणं थांबवलं आणि अभ्यास सुरू केला. केळीच्या पानावर डाग पडला की औषध मारायच्या आधी ते पान उलटून पाहत, तसा त्यांनी डोंगर पाहिला. बोकडाला पायथ्याशी उभा करून ते नुसते बघत बसायचे. आणि खोटं कशाला सांगा, युक्त्या त्यांनी शोधल्याही. झुलती फळी लांब जात असताना तिच्यामागं उडी मारायची नाही, ती आपल्याकडे येत असताना मारायची. एसटीत चढतो तसं. बोकड ज्या बाजूला निघेल तिकडेच कावळा वळतो, म्हणून त्याला आधी डावीकडे निघाल्याचं दाखवायचं, कावळा तिकडे झेपावला की उजवीकडे सटकायचं. कड्याला चिकटलं की बोकड हळूहळू घसरतो, पण घसरण पुरी व्हायच्या आत त्याच कड्याला लाथ मारली तर दुप्पट उंच उडतो. ही शेवटची युक्ती मोहिनीलाही ठाऊक नव्हती. तिनं तोंडात बोट घातलं.

अडचण एकच होती. सगळी विद्या भाऊंच्या डोक्यात होती आणि बटणं अंगठ्यांखाली. तीस वर्षं विळा आणि कुदळ धरलेले ते अंगठे. डोक्यातून हुकूम सुटायचा, खांद्यावरून, कोपरावरून रमतगमत खाली यायचा, आणि तो अंगठ्यापर्यंत पोचेपर्यंत बोकड दरीत गेलेला असायचा. म्हणून भाऊ हुकूम मोठ्यानं बोलायला लागले. तोंडानं बोललं की अंगठ्याला लवकर ऐकू जाईल, असा त्यांचा हिशेब. दिवसभर घरातून आवाज यायचे, "थांब. आता डावीकडे. चिकट. मार लाथ." पोस्टमन एकदा फाटकातूनच टपाल टाकून निघून गेला.

असं करता करता सुट्टीचा शेवटचा दिवस उजाडला. दुसऱ्या दिवशी सकाळी मोहिनी जळगावला परत जाणार होती. नेमकी त्याच दिवशी भाऊंच्या बागेत कापणी होती. घड उतरवून, फण्या धुऊन खोक्यांत भरायच्या आणि संध्याकाळच्या आत सावद्याच्या शीतगृहात पोचवायच्या. माल वेळेत पोचला नाही, तर व्यापारी दुसऱ्याची केळी उचलणार होता. कामिनी पहाटेच मजुरांबरोबर बागेत गेली होती. भाऊंना ती एवढंच सांगून गेली, "नवा ड्रायव्हर आहे, सरदार तडवी म्हणून. यावलकडचा आहे, त्याला आपली वाट माहीत नाही. त्याचा फोन आला की नीट सांगा."

"सांगतो की," भाऊ म्हणाले. ते झुलत्या फळीवर होते.

दुपारी फोन आला तेव्हा ते फळीच्याही पुढं गेले होते. माथा दिसत होता. इतक्या वर ते आजवर कधी पोचले नव्हते.

"भाऊ, सरदार बोलतोय. रतिलालनाना म्हणून कुणाच्या तरी शेताशी आलोय. इथून दोन वाटा फुटतात. सांगा, तशी गाडी घेतो."

भाऊंनी फोनचा स्पीकर लावला, फोन बाजेवर ठेवला आणि म्हणाले, "थांब जरा." मग दोन्ही हातांत रिमोट धरला आणि फोन साफ विसरले.

"आता डावीकडे," ते बोकडाला म्हणाले.

बाजेवरून इंजिनाची घरघर आली.

"अजून डावीकडे. भिंतीला चिकट."

"चिकटलो, भाऊ," बाज म्हणाली. भाऊंना वाटलं, आई काहीतरी बोलली.

"आता मागं ये. अजून मागं. अजून. घाबरू नको, मागं काही नाही."

मागं भाऊंच्या बागेला लागून असलेल्या रतिलालनानांच्या शेतातला, पाण्याच्या मोटारीच्या खोलीपुढचा ओटा होता. नानांनी सकाळीच त्याच्यावर सिमेंट ओतून घेतलं होतं आणि त्याच्यावर कावळासुद्धा बसू नये म्हणून ते स्वतः काठी घेऊन राखण करत होते. भाऊंना टीव्हीतून एक नवाच आवाज यायला लागला. कुणीतरी म्हातारा माणूस जीव तोडून शिव्या देत होता. खेळ परदेशातला आणि शिव्या अस्सल रावेरच्या, याचं भाऊंना थोडं नवल वाटलं. पण माथ्याजवळ आलं की असले नवे आवाज येत असतील, असं समजून त्यांनी नजर हलू दिली नाही.

समोर शेवटची दरी होती. पलीकडे माथा.

"आता जोर धर," भाऊ हळू आवाजात म्हणाले, "आणि मार उडी."

बाजेवरची घरघर मंदावली. मग आवाज आला, "भाऊ, नक्की?"

"विचार करत बसलास की गेलास," भाऊ बोकडाला म्हणाले. "मार."

इंजिन गुरगुरलं. भाऊंचा अंगठा नेहमीसारखा उशिरा दाबला गेला. टीव्हीतला बोकड "बेंऽऽ" करत दरीत गेला आणि त्याच वेळी बाजेवरून धाडकन मोठा आवाज झाला. पाठोपाठ, शिव्या ऐकून बागेतून आलेल्या कामिनीचा शांत आवाज आला, आणि तो शांत होता म्हणूनच भाऊंनी रिमोट खाली ठेवला.

"अहो," कामिनी म्हणाली, "गाडी चारीत आहे."

भाऊ पोचले तेव्हा गाडीचं तोंड पाण्याच्या कोरड्या चारीत होतं आणि शेपूट वर. सरदारला खरचटलंसुद्धा नव्हतं. चाळिशीचा, सरळ चेहऱ्याचा माणूस, बांधावर हात बांधून उभा होता. रतिलालनानांच्या ओट्यावर टायरांची नक्षी उठली होती आणि नाना त्या नक्षीकडे असे बघत होते, जणू कुणी त्यांच्या कपाळावरून गाडी घातली असावी.

"अरे, मी उडी म्हटलं आणि तू मारलीस?" भाऊंनी सरदारला विचारलं.

"मी विचारलं ना, भाऊ. नक्की का म्हणून." सरदारनं मान खाली घातली. "घरातून निघताना बायकोनं, सुगराबीनं बजावलं होतं, पहिलाच दिवस आहे, नव्या मालकाला उलट प्रश्न करू नका. तरी मी एक केला. तुम्ही म्हणालात, विचार करू नको."

"पण चारी दिसत नव्हती का?"

"दिसत होती. पण तुम्ही थांब म्हटलं, मी थांबलो. डावीकडे म्हटलं, डावीकडे गेलो. तुमचा शब्द पडतो आणि माझा हात चालतो, भाऊ. मध्ये मी कुठंच येत नाही."

भाऊ पुढचा प्रश्न विसरले आणि सरदारच्या हातांकडे बघायला लागले.

कामिनीनं तोवर सगळं हातात घेतलं होतं. गावातल्या जीवरामचा ट्रॅक्टर बोलावला होता. खोकी ट्रॉलीत भरून आधी माल रवाना करायचा, गाडी मग सावकाश ओढायची, असं तिनं मजुरांना सांगितलं. नवऱ्याकडे वळून ती म्हणाली, "तुम्ही इथं कशाला हात लावू नका. याला घरी न्या, चहा पाजा. घाबरलाय बिचारा."

भाऊंनी सरदारला घरी नेलं. चहा पाजला. बशी खाली ठेवल्याबरोबर त्याच्या हातात रिमोट दिला.

"हे काय, भाऊ?"

"हे डावीकडे, हे उजवीकडे, ह्यानं उडी. बाकी मी बोलतो."

सरदारनं आयुष्यात असला खेळ पाहिला नव्हता, आणि तेच बरं झालं. भाऊ "थांब" म्हणाले की बोकड दगड होऊन थांबायचा. "मार" म्हणाले की तो शब्द संपायच्या आत हवेत असायचा. पहिले दगड भराभर मागं पडले. मोहिनी बॅग भरायची सोडून दारात येऊन उभी राहिली. शेवंताबाईनं मेथीची जुडी मांडीवरच ठेवली.

तेवढ्यात रतिलालनाना भांडायला आले.

"लीलाधर, माझ्या ओट्याचं काय?" ते उंबऱ्यातून गरजले. मग त्यांची नजर टीव्हीवर गेली. बोकड झुलत्या फळीवर होता आणि डोक्यावर कावळा. "अरे, उजवीकडे ने त्याला," नाना म्हणाले. सरदारचा हात चालला. बोकड उजवीकडे गेला, कावळ्यानं टोचला, आणि "बेंऽऽ".

"नाना," भाऊ कळवळून म्हणाले, "ओटा मी उद्या नवा करून देतो, वर दोन फरश्या जास्त लावून देतो. पण इथं एकानंच बोलायचं."

नाना मुकाट्यानं बाजेवर बसले आणि तोंडावर उपरणं धरलं.

पुन्हा पायथा. पुन्हा दगड, फळी, कावळा. कड्याला चिकटणं, घसरणं, लाथ. भाऊंचा आवाज बसत चालला होता आणि सरदारच्या कपाळावरून घाम ओघळत होता. मध्येच कामिनीचा फोन आला, मोहिनीनं घेतला. माल शीतगृहात पोचला होता, वेळेत. भाऊंनी ते ऐकलं की नाही, कुणास ठाऊक. समोर शेवटची दरी होती.

"घाई नाही," भाऊ पुटपुटले. "दगड हलू दे. हलू दे. मार."

बोकड हवेत गेला. त्याचे पुढचे पाय माथ्याला टेकले, मागचे क्षणभर लोंबकळले, आणि तो वर चढला.

रतिलालनानांनी उपरणं हवेत उडवलं. शेवंताबाई म्हणाली, "चढलं गं माय, बकरू चढलं." सरदारनं रिमोट जमिनीवर ठेवला आणि दोन्ही तळहात गुडघ्यांना पुसले. भाऊ उठून उभे राहिले. त्यांनी मिशीवरून हात फिरवला आणि मुलीकडे पाहिलं. टीव्हीवर फटाके उडत होते आणि खाली काहीतरी इंग्रजीत लिहून आलं होतं.

"वाच," भाऊ म्हणाले. "काय म्हणतोय तो?"

मोहिनीनं वाचलं आणि थोडी घुटमळली. "म्हणतोय, शाबास. सराव झाला. आता खेळ सुरू."

फटाके विझले. बोकड उभा होता त्याच्या मागचं धुकं हळूहळू सरकलं आणि तिथं दुसरा डोंगर दिसला. पहिला त्याच्यापुढं उकिरड्यासारखा वाटत होता. त्याच्यामागं तिसरा होता. त्याच्याही मागं काहीतरी होतं.

"तुला हे ठाऊक होतं?" भाऊंनी विचारलं.

"मी चौथ्या डोंगरावर अडकलेय, पप्पा. पण आपली पैज एकाच डोंगराची होती. तुम्ही जिंकलात." मोहिनीनं मनातलं दुःख चेहऱ्यावर येऊ दिलं नाही. "मैत्रिणींना फोन करून सांगते, मी येत नाही म्हणून."

तिनं टीव्हीमागच्या वायरी काढल्या, गुंडाळल्या आणि पेटी पिशवीत ठेवायला घेतली. सरदार त्या पिशवीकडे बघत होता. रतिलालनाना बघत होते. भाऊ काळ्या झालेल्या टीव्हीकडे बघत होते.

"पेटी नेणार तू?"

"माझीच आहे ना."

"तसं नाही," भाऊ म्हणाले आणि त्यांनी घसा साफ केला. "हम्पीला कुठं नेत बसशील ती? वाटेत आदळेल, आपटेल."

"पप्पा, मी हम्पीला कुठं चाललेय?"

"जाशील ना," लीलाधरभाऊ म्हणाले. "ऐतिहासिक ठिकाण आहे. पोरींनी पाहायला पाहिजे. सावकाश पाहा. घाईनं परत यायची काही गरज नाही."