आमची बरणी

शेजारच्या तात्यांकडे गेलं की आधी पाणी यायचं नाही, बरणी यायची. काचेची, पाच किलोची, झाकणाला कंपनीतलं रबरी गॅस्केट लावून कायमची बंद केलेली. आत खडी, कोळसा, माती, शेवाळ आणि नेच्याचं एक रोप. तात्यांनी जवळच्या नागापूरच्या कारखान्यात फिटर म्हणून जन्म काढला, त्यामुळे बरणीलाही ते मशीनच समजायचे. रोप एका बाजूला कलू नये म्हणून रोज सकाळी तिला पाव फेरा द्यायचे.

"सकाळी काचंला घाम येतो, दुपारी पानी परत मातीत. चार वर्सं तेच पानी. कुनाकडं कायबी मागत न्हाई," हे ते दूधवाल्यालाही ऐकवायचे. स्वतःचंही तसंच. मुलगा पुण्यात, पण ताप आला तरी त्याला फोन करायचे नाहीत.

बरणी मूळची आमची. तात्यांच्या बायकोने, म्हणजे काकूंनी, लोणच्यासाठी नेली होती. त्याच उन्हाळ्यात त्या गेल्या. मागायची कशी, म्हणून आम्ही गप्प बसलो. यंदा कैऱ्या आल्या आणि माझ्या बायकोची कुरकुर सुरू झाली. मी वैतागलेलोच होतो. तात्या पुन्हा तेच ऐकवायला लागले तेव्हा म्हणालो, "कुणाकडं काही मागत नाही म्हणता तात्या, पण बरणी तेवढी आमची आहे."

तात्या हसले. मला वाटलं, चेष्टा कळली.

दुसऱ्या दिवशी सकाळी बरणी आमच्या दारात. घासून लख्ख केलेली, आत पावशेर साखर. दुसऱ्याचं भांडं रिकामं परत करायचं नाही, हे काकूंनी त्यांना शिकवलेलं.

मी तसाच धावत गेलो. नेचा खिडकीत, चहाच्या कपात होता.

"हिनं माहेराहून आनल्याला, श्रीरामपूरकडच्या हिरीतून. तिच्या बाकी कुंड्या मी वाळवल्या. पानी घालायचं ध्यानात ऱ्हात न्हाई. म्हनून ह्यो बंद केल्ता."

बरणी परत घ्या म्हणालो, तर त्यांनी हात जोडले. मग खाली बघत म्हणाले, "येता-जाता तेवढी पान्याची आठवन करा मला."

तात्यांनी माझ्याकडे मागितलेली ही पहिलीच गोष्ट. दोन दिवस मी आठवण केली. तिसऱ्या दिवशी लग्नाला राहात्याला गेलो आणि पाहुण्यांत चार दिवस रमलो.

परतलो तेव्हा नेच्याचा पार चुरा झाला होता. तात्या कपाला पाव फेरा देत होते.

"असू द्या," म्हणाले. "तुमाला तुमची कामं."

मग आत गेले आणि माझ्यासाठी पाणी घेऊन आले. ते मी नेच्याच्या कपात ओतलं.