गुंडू आमचा नव्हे

पूर्वज हे कोणत्याही समाजाचं सर्वांत सुरक्षित भांडवल आहे. त्याला कीड लागत नाही, त्यावर कर बसत नाही, आणि मुख्य म्हणजे ते मधूनच उठून "असं काही झालं नव्हतं" असं सांगत नाही. म्हणूनच जिथं पूर्वज भरघोस, तिथं ऐतिहासिक कादंबरी भरघोस. कोल्हापूरच्या मातीत ऊस आणि ऐतिहासिक कादंबरी ही दोन्ही पिकं जोमानं येतात. (पैकी उसाचं वजन काट्यावर करतात. कादंबरीचं अनुक्रमणिकेवर भागतं.)

या दुसऱ्या पिकातल्या प्रगतिशील शेतकरी म्हणजे कळंब्याच्या प्रमोदिनी वाळवेकर.

प्रमोदिनीबाईंनी पहिली कादंबरी लिहिली तेव्हा त्यांना अनुभव नव्हता, त्यामुळे ती चांगली झाली. वेढा पडलेल्या गडावर धान्याचं कोठार सांभाळणाऱ्या एका विधवेची ती गोष्ट होती. तीत लढाई होती, पण ती कोठाराच्या भिंतीपलीकडं चालायची आणि आत फक्त ऐकू यायची. पुस्तक नातेवाइकांनी घेतलं आणि त्यातल्या एकानं वाचलं. तो एक म्हणजे त्यांचे यजमान दत्तप्रसाद. बँकेतून निवृत्त झाल्यापासून ते बायकोच्या लढायांतले मेलेले मोजत, म्हणजे तिसऱ्या प्रकरणात पडलेला माणूस नवव्यात घोड्यावर दिसू नये.

पुढं बाईंना प्रकाशक भेटला राजवर्धन. वय तिशीच्या आतबाहेर, गळ्यात सोन्याची साखळी, आणि वडिलोपार्जित धंदा लग्नपत्रिका छापण्याचा. मराठी साहित्याला या धंद्यानं जे दिलं, त्याची नोंद व्हायला हवी. राजवर्धननं लहानपणापासून एक गोष्ट पाहिली होती. पत्रिका हातात पडली की माणूस नवऱ्याचं नाव वाचत नाही, मुहूर्त वाचत नाही, थेट खाली जाऊन 'आपले नम्र'मध्ये स्वतःचं नाव शोधतो.

"मॅडम," तो पहिल्याच भेटीत म्हणाला, "मुहूर्त चुकला तर लोक तासभर ताटकळत बसत्यात. पण आडनाव ऱ्हायलं तर लग्नालाच येत न्हाईत. कादंबरीचंबी तेच हाय."

तेच निघालं. दुसऱ्या कादंबरीतल्या निर्णायक लढाईत बाईंनी पंचक्रोशीतली आडनावं घातली. प्रत्येक घराण्याला एक वार, मोठ्या घराण्याला दोन, आणि ज्यांचं मंगल कार्यालय आहे त्यांना घोड्यासकट उडी. लढाई अकरा पानांवरून एकशे चाळीस पानांवर गेली. शत्रूची संख्याही त्या मानानं वाढवावी लागली. पहिल्या आवृत्तीत तो पाचशे होता, चौथ्या आवृत्तीत चाळीस हजार झाला. (शत्रूकडून कसलीच हरकत आली नाही. शत्रूला आडनावं दिली नव्हती.) तटबंदे घराण्यानं तक्रार केली, की आमच्या मूळपुरुषाला डाव्या दंडावर जखम दाखवली आहे, ती घराण्याला शोभत नाही. पुढच्या आवृत्तीत जखम छातीवर आणण्यात आली. मुखपृष्ठावर 'सुधारित आवृत्ती' असं छापतात ते उगाच नव्हे.

एकदा दत्तप्रसादांची नजर चुकली आणि चौथ्या प्रकरणात धारातीर्थी पडलेला एक सरदार अकराव्यात पुन्हा तलवार घेऊन उभा राहिला. बाईंनी घाबरून त्या घराण्याला फोन केला. त्यांनी दुरुस्तीला ठाम नकार दिला. आमचे पूर्वज असेच होते, म्हणाले.

या पद्धतीचे सर्वांत मोठे आश्रयदाते म्हणजे कसबा बावड्याचे गणपतराव ढालतोडे, ढालतोडे कुलप्रतिष्ठानचे अध्यक्ष. त्यांचा पूर्वज यशाजी तिसऱ्या कादंबरीत गडाच्या तटावर एकटा लढत पडतो. वय चौदा. मूळ मजकुरात तो तीस वर्षांचा होता, पण गणपतरावांचं म्हणणं पडलं की तिशीचा माणूस मेला तर बायका रडत नाहीत. मग त्याला चौदाचा केला. पुढच्या आवृत्तीत एकुलता केला. प्रकाशनाला प्रतिष्ठाननं भगवे फेटे, ढोलताशा आणि तांबडा-पांढरा रस्सा ठेवला. तो खाऊन समीक्षकांनी कादंबरीला 'झणझणीत' म्हटलं.

असं सगळं सुरळीत चाललं असताना बाईंना गारगोटीच्या एका शाळेत व्याख्यानाला बोलावलं आणि त्यांच्या कारकिर्दीला दृष्ट लागली.

व्याख्यानानंतर प्रश्न विचारायचे होते. प्रश्न शिक्षकांनी आधीच वाटून दिले होते, म्हणून एकूण कार्यक्रम शिस्तीत झाला. पण नववीतली क्रांती नावाची मुलगी वाटून न दिलेला प्रश्न घेऊन उभी राहिली.

"बाई, तुमच्या पुस्तकात कुणालाच भ्या वाटत न्हाय. मला गणिताच्या पेपरालाबी वाटतं. मग मी कुणाची?"

सर तिला बस म्हणाले. मुलं हसली. बाईंनी "शूर माणसालाही भीती वाटते, पण तो तिच्यावर मात करतो" असं छापील उत्तर दिलं. मुलगी मान हलवून बसली. दुकानात हवं ते माप नाही म्हटल्यावर गिऱ्हाईक हलवतं, तशी.

परतीच्या एसटीत मुदाळतिट्ट्याच्या पुढं कुठंतरी बाईंनी पिशवीतून मानधनाचं पाकीट काढलं आणि त्याच्यामागं लिहायला घेतलं. पुढच्या पावसाळ्यापर्यंत कुमारांसाठी एक छोटी कादंबरी तयार झाली.

गोष्ट साधी होती. गडावर गुंडू नावाचं चौदा वर्षांचं पोर नगारा वाजवतं. उद्या वेढा आवळणार, हे त्याला कळतं. त्याला भीती वाटते. तो नगारा ठेवतो, सांडपाण्याच्या मोरीतून बाहेर पडतो आणि दोन डोंगर ओलांडून घरी येतो. आई दार उघडते. काही विचारत नाही. भाकरी देते, पांघरूण घालते. पुढं गुंडू नांगर धरतो, म्हातारा होतो, आणि दर पावसाळ्यात ढग गडगडले की त्याला नगाऱ्याची आठवण येते. संपलं.

दत्तप्रसादांनी वाचून मेलेले मोजले. एकही निघाला नाही. त्यांनी चष्मा काढून पुसला, पुन्हा घातला, आणि कोठारातल्या बाईनंतर पहिल्यांदाच म्हणाले, "हे तू लिहिलंस."

बाईंना एवढंच हवं होतं. आता त्यांना फक्त हे पुस्तक, आहे असं, बाहेर यायला हवं होतं. पहिली सोडली तर तोवरच्या बारा कादंबऱ्यांत त्यांनी जिथं सांगाल तिथं जखम हलवली होती. या एका पोराला त्यांना कुणाला हलवू द्यायचं नव्हतं.

त्यांनी खबरदारी म्हणून गुंडूला आडनाव दिलं नव्हतं. आडनाव नाही तर हरकत नाही, असा त्यांचा सरळ हिशोब. हा हिशोब कोल्हापुरात राहून चुकावा, हे नवलच. आडनाव असलेला पळपुटा एकाच घराण्याचा असतो. आडनाव नसलेला सगळ्यांचा असू शकतो.

राजवर्धननं रीतीप्रमाणं हस्तलिखित घराण्यांकडं पूर्ववाचनाला पाठवलं आणि कळंब्याला शिष्टमंडळं सुरू झाली. गडाच्या परिसरातल्या गावांनी ठराव केले की आमच्याकडं गुंडू नावाचं कुणी कधी जन्मलं नाही. एका गावच्या सरपंचांच्या आजोबांचं नावच गुंडू होतं. त्यांचा फोटो भिंतीवरून उतरवून खाली 'गुणवंतराव' लिहून पुन्हा लावण्यात आला. राजवर्धनही येऊन बसला.

"पळाला तर पळाला, मॅडम. पण आपल्याच जिल्ह्यातनं कशाला पळवताय? पलीकडं मोप जिल्हे हाईत."

"मग भाकरीला कुठं येईल तो?" बाई म्हणाल्या. राजवर्धनला हा मुद्दा समजला नाही, पण त्यानं तो मान्य केला.

शेवटी खुद्द गणपतराव आले. बरोबर विठाबाई, त्यांची पत्नी, लेखिकेचं घर कसं असतं ते बघायला आल्या होत्या. (घर घरासारखंच निघाल्यानं त्या जरा हिरमुसल्या.) चहा आला. गणपतरावांनी आवाज शक्य तेवढा खाली घेतला, म्हणजे तो फक्त शेजारच्या दोन फ्लॅटपर्यंत गेला.

"बाई, पोरगं पळालं त्याला आमची ना न्हाय. पळू दे की. पण कुणाला तरी बोलवायला पळू दे."

"कुणाला?"

"कुणालाबी. कुमक आणायला गेलता म्हणा. एक वाक्य लागंल. तेवढ्यावर प्रतिष्ठान जिल्ह्यातल्या हरेक शाळंत पुस्तक देतंय."

हरेक शाळेत, म्हणजे गारगोटीच्याही. एक वाक्य म्हणजे काहीच नव्हतं. याहून अवघड वाक्यं त्यांनी याहून कमी भावात लिहिली होती. पण त्यांनी ते वाक्य मनात घालून पाहिलं, आणि लगेच आईच्या हातातलं पांघरूण अडलं. कुमक मागायला आलेल्या पोराला आई झोपवू शकत नाही. त्याला उठावं लागतं, परत जावं लागतं, आणि पुढच्या प्रकरणात दत्तप्रसादांना एक मोजावा लागतो.

"गणपतराव," त्या म्हणाल्या, "तुमचे यशाजी पडले तेव्हा वय काय होतं?"

"चौदावं सरलं न्हवतं. तुम्हीच लिवलंय की."

"लग्न?"

"कुठलं लगीन. मिसरूड न्हवतं फुटलं."

"भाऊ?"

"एकुलता." गणपतरावांनी अभिमानानं सांगितलं. सुधारित आवृत्ती त्यांना पाठ होती.

"मग तुम्ही कुणाचे?"

गणपतरावांनी चहा बशीत ओतला. पुन्हा कपात ओतला. विठाबाईंनी बऱ्याच वर्षांत पहिल्यांदा नवऱ्याकडं कुतूहलानं पाहिलं.

"सांगा की," त्या म्हणाल्या. "मलाबी कळू दे, कुणाच्या घरात आलीया ते."

"चुलत घराणं असंल," गणपतराव म्हणाले.

"चुलते लढाईत होते?"

"न्हाय. ते शेताकडं हुते."

"मग वाचले."

"वाचले म्हंजे पळाले न्हवं," गणपतरावांनी बोट वर केलं. "गेलाच न्हाय तो पळंल कसा?"

कायद्याच्या दृष्टीनं हा मुद्दा बिनतोड होता. पण तो मांडून झाल्यावर गणपतरावांचा उत्साह का कोण जाणे गेला. ते उठले. दारात बराच वेळ एक चप्पल शोधत राहिले. ती त्यांच्या पायातच होती.

"आईनं त्येला काय इचारलंच न्हाय?"

"नाही."

"कुठनं आलास, का आलास... कायच न्हाय?"

"भाकरी दिली. पांघरूण घातलं."

गणपतराव चपलेकडं बघत राहिले.

"मग ऱ्हाऊ दे तसंच," ते म्हणाले. "पण आमच्यात न्हवता तो. तेवढं लिहून द्या."

बाईंनी आनंदानं लिहून दिलं. कादंबरीच्या पहिल्या पानावर एक ओळ आली: 'प्रस्तुत कादंबरीतील गुंडू याचा ढालतोडे घराण्याशी कोणताही संबंध नाही.' एका ओळीत पोर घरी सुखरूप आलं, असं त्यांना वाटलं.

छापखान्यातून ती ओळ बाहेर फुटली आणि संध्याकाळपर्यंत तटबंद्यांचा फोन आला. ढालतोड्यांचा नाही, मग काय आमचा हाय व्हय? प्रश्न रास्त होता. एका घराण्यानं हात झटकले की संशय उरलेल्यांवर वाटला जातो, आणि वाटा प्रत्येकाचा वाढतो. तटबंद्यांचं नाव घातलं. मग इतर आली. मग बाराही बलुतेदारांची, मग फाळणीनंतर गांधीनगरात आलेल्या एका व्यापारी घराण्याची. (गडाशी त्यांचा संबंध नव्हता. पण उगाच राहून जायला नको, म्हणाले.) यादी अकारविल्हे लावावी की मानापमानाप्रमाणं, यावर दोन बैठका झाल्या. लग्नपत्रिकेच्या अनुभवामुळं राजवर्धननं एकही आडनाव चुकवलं नाही. कादंबरी शहाण्णव पानांची झाली. यादी एकशे दहा.

या पुस्तकानं बाईंच्या आधीच्या सगळ्या पुस्तकांचा विक्रम मोडला. प्रकाशन समारंभात गणपतरावांना फेटा बांधला. निवेदकानं पुस्तकाचं वर्णन 'प्रत्येक घरात असावं असं' केलं, आणि ते शब्दशः खरं ठरलं. लोक पुस्तक घेत, यादी उघडत, आपलं आडनाव शोधत, त्यावर बोट ठेवून शेजाऱ्याला दाखवत आणि समाधानानं मिटून कपाटात ठेवत. पुढची शहाण्णव पानं किती जणांनी वाचली याचं सर्वेक्षण झालेलं नाही. मात्र वाचनालयांतून एक तक्रार येते, की सगळ्या प्रतींत एकच पान मळलेलं असतं. भाकरीचं. कुणी नेलं होतं विचारलं तर कुणीच नेलेलं नसतं.

यादीत नाव घाला, अशी विनंती अजून रोज येते, आणि राजवर्धन ती तत्परतेनं पुरी करतो. यादीतून नाव काढा, अशी विनंती आजवर एकच आली. ती गारगोटीहून. क्रांती आता दहावीत आहे. तिनं लिहिलं होतं, 'आमचं आडनाव काढा. आमच्यात कोण घरी आलं असलं तर मला बरं वाटंल.' तसं मागं कुणी विचारलं नव्हतं, त्यामुळं राजवर्धनला नियम सापडेना. बाईंनी स्वतः जाऊन ते आडनाव खोडलं.

तेव्हा आता अधिकृत स्थिती अशी आहे. जिल्ह्यातली यच्चयावत घराणी तटावर पडलेल्या अविवाहित पोरांपासून अखंड चालत आलेली आहेत. घरी परतलेल्या गुंडूच्या मागं, एक मुलगी सोडली तर, कुणी नाही.

तुमचंही आडनाव यादीत आहे. खात्री करायची असेल तर जरूर करा, ते पान सुरुवातीलाच आहे. काढायचं असेल तर तेही एका कार्डावर होतं. गारगोटीच्या मुलीमागं सध्या अजिबात गर्दी नाही.