मोरमाळावर वणवा न लागल्याबद्दल

किन्हीराजाच्या पाठीमागे मोरमाळ नावाची टेकडी आहे. या टेकडीवर यंदाच्या मार्चमध्ये वणवा लागला नाही. ही बाब गंभीर आहे. ज्यांना ती गंभीर वाटत नाही त्यांनी सरकारी कार्यालय कधी पाहिलेलं नसावं, किंवा पाहिलं असेल तर जेवणाच्या सुट्टीत.

मोरमाळाचं चक्र वर्षानुवर्षं सुरळीत चाललं होतं. जुलैत झाडं लावायची, मार्चमध्ये वणवा, एप्रिलमध्ये पंचनामा. पंचनाम्यातलं वाक्य तोंडपाठ असायचं: अज्ञात इसमाने लावलेल्या आगीत चाळीस हजार रोपे जळून खाक. पुढच्या जुलैत त्याच खड्ड्यांशेजारी पुन्हा मंडप. खड्डे तेच, कारण खड्डा जळत नाही. अज्ञात इसम हा तर टेकडी हरितीकरण कार्यालयाचा सर्वांत वक्तशीर माणूस. ना पगार, ना रजा, ना पेन्शनसाठी खेटे, तरी कामात खाडा नाही. असा माणूस आजकाल मिळतो कुठे?

गेल्या वर्षी जुलैत 'एक माणूस, एक झाड' ही मोहीम झाली. तय्यब फोटोवाल्याने पाटी उभी केली, पाटीसमोर माणूस, माणसाच्या हातात रोप. फोटो झाला की रोप पुढच्याच्या हातात. रोप एकच होतं, कवठाचं. बाकीची रोपं गाडीत होती आणि गाडी वाटेत होती. ती अजून वाटेतच आहे. शाळेची पोरं झाली, बचत गट झाले, शिरपूरहून दर्शन घेऊन परतणारी एक बस चहाला थांबली होती, तिच्यातले भाविकही झाले. ज्यांना यायला जमलं नाही त्यांनी घरबसल्या आपले फोटो धाडले, आणि तय्यबने कॉम्प्युटरवर त्यांच्या हातात तेच कवठ बसवून दिलं. प्रत्येकाला प्रमाणपत्र गेलं: आपले झाड मोरमाळावर आहे.

मंडप उतरला तेव्हा कवठ खुर्च्यांखाली पडलं होतं. एका शेळीने फोटो सुरू व्हायच्या आधीच त्याचं खालचं पान अर्धं खाल्लं होतं. गावातली गोजराबाई तिथं होती. तिचा नवरा रामकिसन आदल्या वर्षी गेला. कवठाच्या चटणीवर त्याचा असा जीव, की ती असली की भाकरी मोजायच्या नाहीत असा घरात नियम होता. दिवंगत माणसाच्या नावानं झाड लावता येईल असं भोंग्यावरून ऐकून ती आली होती. तिनं ते रोप उचललं, टेकडीच्या माथ्यावरच्या खड्ड्यात लावलं आणि पाणी घातलं. मोहिमेत झाड लावायचं असतं हे तिला कुणीतरी सांगितलं होतं, आणि ते तिला खरं वाटलं होतं.

दुसरी चूक निताची. निता ही कार्यालयाची नवी रक्षक. नव्या माणसांना नियम वाचायची खोड असते. नियमात लिहिलं होतं, उन्हाळ्याआधी टेकडीवर जाळरेषा काढावी, म्हणजे गवत छाटून मोकळा पट्टा करावा, आग पलीकडे जात नाही. आजवर हा नियम वणव्यानंतर वाचला जाई. नितानं तो थंडीतच वाचला आणि विळा घेऊन माथ्याभोवती पट्टा काढला. मदतीला गोजराबाई. तिला कार्यालयाशी काही देणंघेणं नव्हतं, तिला कवठ वाचवायचं होतं.

मार्चमध्ये अज्ञात इसम नेहमीप्रमाणे येऊन आपलं काम करून गेला. आग पट्ट्यापर्यंत आली, पुढे खायला काही नाही म्हणून तिथंच बसली. कार्यालयाच्या भाषेत, वणवा लागलाच नाही. हरितीकरण अधिकारी गोविंदसिंग साहेबांनी निताला बोलावलं.

"टेकडी हिरवी दिसते आहे."

"हो साहेब. वणवा जाळरेषेपाशी आला अन् इझला."

"कुणाला विचारून?"

निताला प्रश्न कळला नाही. साहेबांनी तो लेखी दिला: मोरमाळावर वणवा न लागल्याबद्दल तीन दिवसांत खुलासा सादर करावा. आता गोम अशी, की जळालेली रोपं मोजावी लागत नाहीत, जिवंत रोपं मोजावी लागतात. आणि मोजायला वरून पथक यायचं होतं.

साहेब काही कच्च्या गुरूचे चेले नव्हते. त्यांनी नागपूरहून डॉक्टर वैजयंती यांना पाचारण केलं. वणवे आणि वनस्पती हा त्यांचा विषय. बाई टेकडीवर आल्या आणि हरखून गेल्या. म्हणाल्या, "वारंवार आग लागते तिथली झाडं आगीशी जुळवून घेतात. हा पळस बघा, वरून जळाला तरी मूळ खाली जिवंत असतं, पुन्हा फुटतो. तेंदूचंही तसंच. सागाचं बी तापलं की कवच सैल होतं. हे कुसळ तर आपलं बी पीळ देऊन जमिनीत रोवतं, आग वरून निघून जाते. कोतवाल पक्षी धुराच्या मागे लागतात, पळणारे किडे टिपायला. जीव वर दिसत नाही, पण तो खाली वाट पाहत असतो."

इथं चहा आला. त्यानंतर त्या असंही म्हणाल्या, की दरवर्षी आग लागली तर हेही थकतात, आणि कोवळी रोपं तर मरतातच. पण तेव्हा साहेब बशीत चहा ओतत होते.

दुसऱ्या दिवशी अहवाल तयार झाला. तज्ज्ञांच्या मते चाळीस हजार रोपांपैकी एक वगळता सर्व रोपे आगीशी जुळवून घेऊन जमिनीखाली गेली असून वणव्याच्या प्रतीक्षेत आहेत. वणवा न लागल्याने त्यांची उगवण खोळंबली आहे. सबब, रक्षक निता यांच्यावर उगवणीत अडथळा आणल्याचा ठपका ठेवण्यात येत असून उपाययोजना म्हणून मे महिन्यात शासकीय वणव्याचे आयोजन प्रस्तावित आहे.

प्रस्ताव इतका नवा होता की तो नाकारायचा कुठला नियमच नव्हता. मंजुरी आली, अटींसह. वणव्याने कार्यालयीन वेळेतच पेटावे व सायंकाळी पावणेसहाला थांबावे. जळताना धूर होणार नाही याची दक्षता घ्यावी. काडेपेटीसाठी निविदा निघाली. ज्याची सर्वांत स्वस्त त्याची घेतली, तिच्या काड्या पेटेनात, तेव्हा त्या पेटवायला दुसरी काडेपेटी मागवण्यात आली. सुट्टीच्या दिवशी वणवा ठेवू नये, अशी कर्मचारी संघटनेची मागणीही मान्य झाली.

गोजराबाईला हे कळलं तशी ती डोक्यावरचा पदर सावरत कार्यालयात आली. निता व्हरांड्यात डोळे पुसत उभी होती.

"काहून रडून राह्यली पोरी?"

"मावशी, माथ्यावर आग लावून राह्यले. आपलं कवठ जाते. मायी नोकरीबी जाते."

गोजराबाई सरळ आत गेली. "साहेब, माह्या कवठाले कायले जाळता?"

साहेब समजावणीच्या सुरात म्हणाले, "आजी, तुमचं कवठ एकटंच वर आहे. खाली एकोणचाळीस हजार नऊशे नव्व्याण्णव वाट पाहत आहेत. लोकशाही आहे."

"खाली कोन हाय? उकरून दाखवा मले."

"उकरायला वेगळी परवानगी लागते."

"बाप्पा," गोजराबाई म्हणाली, "मी लावलं म्हून ते वर हाय. तुमी खालीच लावलं असन."

साहेबांनी हे विधान निवेदन म्हणून स्वीकारलं आणि पोच दिली.

वणव्याच्या उद्घाटनाला अख्खा गाव लोटला. मंडप, हार, नारळ, ध्वनिक्षेपकावर देशभक्तीची गाणी. मशालीला गोंडे लावले होते. प्रमुख पाहुणे मोठे होते, नाव सांगत नाही, उगाच माझ्या हातात रोप देतील. माथ्यावर कवठाशेजारी गोजराबाई पाण्याची घागर घेऊन बसली होती. तिच्या शेजारी निता, गणवेशात. "तू खाली जाय," असं गोजराबाईनं तिला सांगून पाहिलं. "ड्युटी हाय मायी," निता म्हणाली आणि हलली नाही.

पाहुण्यांनी मशाल हाती घेतली. तेवढ्यात तय्यबने कॅमेऱ्यातून डोकं वर काढलं. "साहेब, फ्रेममदी हिरवं कायीच नाई. राख तर राख, पन उद्घाटनाले थोडं हिरवं लागते."

मे महिना. हिरवं म्हणून टेकडीवर एकच गोष्ट होती. पाहुणे मशालीसह कवठापाशी आले, फोटोसाठी वाकले आणि थबकले. "गेल्या वर्षी मीही इथं झाड लावलं होतं. ते कुठं आहे?"

 जमिनीखाली, असं म्हणायला गोविंदसिंग साहेबांनी तोंड उघडलं होतं.

"हेच तर हाय," गोजराबाई म्हणाली. "तुमच्याच हातात होतं. हे पान पाहा, शेळीनं खाल्लेलं."

तय्यबने मोबाईलवर जुना फोटो काढून दाखवला. तीच दोन फाटे फुटलेली दुबेळकी फांदी, शेजारी तोच काटा, तेच रोप. पाहुण्यांना गहिवरून आलं. मशाल त्यांनी शेजारच्याच्या हाती दिली आणि म्हणाले, "माझं झाड जगलं. हे जळता कामा नये." सरपंचांनी आपला फोटो काढला. त्यांचंही तेच. मग मुख्याध्यापकांचं, मग बचत गटाच्या अध्यक्षांचं, मग संघटनेच्या सचिवांचं. आपापलं झाड ओळखून सगळे आळीपाळीने त्याला हात लावू लागले. कवठ बिचारं दोन हात उंच, त्याला मिठी मारायला गुडघे टेकावे लागत होते, आणि लोक टेकत होते. पाणावलेले डोळे, चढाओढ, एकानं तर दुसऱ्याला ढकललं की माझ्या झाडाची सावली का घेतोस. गोजराबाई घागर सांभाळत हसू दाबत होती. निताला तेही जमेना.

गोविंदसिंग साहेबांच्या डोक्यात मात्र लख्ख प्रकाश पडला होता. प्रत्येक फोटोतलं झाड जिवंत आहे. फोटो चाळीस हजार आहेत. म्हणजे जिवंत झाडे चाळीस हजार. वरच्या पथकानं पायथ्याशी मंडपात बसून फोटो मोजले, टेकडी चढायची गरजच उरली नाही, आणि जगण्याचं प्रमाण शंभर टक्के निघालं. वणव्याचा निधी आलेला होता, तो परत पाठवणं अवघड, म्हणून जाळरेषेच्या खाली मार्चमध्ये जळायचं राहिलेलं गवत पेटवलं. ती आग पट्ट्यापर्यंत येऊन पुन्हा थांबली. पावसाळ्यात तिथं पळस आणि साग आपले आपण फुटले, कुणी लावले नव्हते तरी. ते वाढीव म्हणून नोंदले गेले, आणि मोरमाळाचं प्रमाण एकशे बारा टक्क्यांवर गेलं. डॉक्टर वैजयंतींनी हे वाचून पत्र पाठवलं. ते अजून वाटेत आहे, बहुधा रोपांच्याच गाडीत.

निताची नोकरी राहिली. विनापरवानगी वणवा विझवू नये अशी समज देऊन प्रकरण मिटलं. कवठाभोवती जाळीचं कुंपण झालं, त्यावर कुलूप, किल्ली कार्यालयात. झाड चाळीस हजार लोकांचं असल्याने कोणाही एकाला आत सोडता येत नाही, म्हणून गोजराबाई जाळीतून पेल्यानं पाणी टाकते. अर्धं आत पडतं, अर्धं बाहेर. कवठानं त्याचीही सवय करून घेतली आहे. मुळं बाहेरच्या ओलीकडे वळली आहेत असं निता सांगते.

आता तुम्ही. हो, तुम्हीच, इतका वेळ हसत होता ते. जरा मोबाईल काढा आणि वृक्षारोपणाचा तो फोटो शोधा, ज्याला भरपूर अंगठे आले होते. हातात रोप आहे ना? फांदी दुबेळकी आहे का? खालचं पान अर्धं खाल्लेलं आहे का? अभिनंदन, तुमचं झाड जिवंत आहे. गोजराबाई विचारत होती, तुमची पाणी घालायची पाळी कवा हाय.