महाराजांचें पथ्य रुद्राजीपंतांस लागलें त्याची बखर

अन्नपूर्णेस नमन, जठराग्नीस नमन, आणि या दोघांच्या मध्यें सांपडलेल्या मनुष्यदेहास विशेष नमन करून हकीकत लिहितों. शके सोळाशें नव्याण्णव, हेमलंबी नाम संवत्सरीं, एका राज्यीं एक महाराज राज्य करीत होते. राज्याचें नांव लिहूं नये ऐसी थोरांची आज्ञा, सबब लिहिलें नाहीं. महाराज न्यायी, दयाळू, रयतेचे मायबाप, परंतु वय तरुण असतां देहानें थोर जाहले होते आणि वर्षागणिक अधिकच थोर होत चालले होते. प्रथम घोड्यावर बसावयास दगडी ओटा बांधविला, आणि मग त्या ओट्यास पायऱ्या बांधविल्या, आणि मग पायऱ्या चढतांच दम लागूं लागला म्हणून घोडा सोडिला आणि पालखी आली, आणि पालखीचे भोई स्वामिनिष्ठ, मुखानें कांहीं बोलत ना, परंतु पालखी खालीं ठेवितांना एकमेकांकडे पाहत. या महाराजांच्या पदरीं रुद्राजीपंत म्हणून एक गृहस्थ होते. त्यांची नेमणूक ऐसी कीं, महाराजांच्या ताटांतील हरएक पदार्थाचा घास आधीं आपण खावा, विषप्रयोग असल्यास आपण पडावें आणि धनी वांचवावे. कोणी चिटणीस, कोणी फडणीस, तैसें या पंतांस लोक थट्टेनें चाखणीस म्हणत. विष त्यांच्या कारकीर्दींत एकदांही निघालें नव्हतें, पोट मात्र बरेंच पुढें निघालें होतें. पंतांस खाण्याची आवड मोठी, आणि देवानें आवडीचीच चाकरी दिली म्हणून ते नित्य सुखी असत.

त्या सालीं श्रावणांत महाराज देवदर्शनास गेले आणि साष्टांग नमस्कार घातला, तों उठवेना. पुजारी म्हणाले, महाराजांची भक्ति केवढी. परंतु महाराजांस घेरी आली होती, आणि चौघांनीं धरून उठविलें तेव्हां ओठ काळे पडले होते. मग राजवैद्य धुंडिराजशास्त्री आले आणि नाडी पाहून त्यांनीं पथ्य सांगितलें. सकाळीं मुगाचें कढण, दोन्ही वेळां जवाची भाकरी, दुधी अथवा माठाची भाजी, ताक, आणि साखर, तूप, तळलेलें वर्ज्य. महाराजांनीं मान डोलाविली. रुद्राजीपंत मागें उभे होते. पथ्य धन्यास सांगितलें, परंतु ताट एकच, तेव्हां पथ्य आपलेंही जाहलें हें त्यांस तत्क्षणीं उमजलें. आणि वरकड घरीं खावें म्हणावें, तर चाकरीचा नेम ऐसा कीं चाखणारानें बाहेरचें खाऊं नये, नाहींतर पोट कशानें दुखलें हें कळावें कैसें.

मग पंतांचे दिवस वाईट आले. दुधीची भाजी समोर आली कीं ते तिजकडे ऐसे पाहत, जैसें कोणी न आवडत्या व्याह्याकडे पाहावें. स्वप्नांत श्रीखंड येऊन बोलावून जाई. परंतु महिन्या-दो महिन्यांत चमत्कार जाहला, अंगरखा सैल पडला, गुडघ्याची कळ गेली, वाड्याचा जिना चढतां वाटेंत थांबून देवाचें नांव घेणें सुटलें. त्यांची स्त्री चिमाबाई, तिनें तर शेजारणींस सांगितलें कीं यांचें घोरणें थांबलें, इतक्या वर्षांत आतां मला कोंबडा ऐकूं येतो. पंतांस देह हलका जाहल्याचें सुख होतें आणि जीभ उपाशी राहिल्याचें दुःख होतें, आणि दोहोंत जड कोणतें हें त्यांस स्वतःस सांगतां येईना. महाराज मात्र होते तैसेच राहिले. किंबहुना कमरपट्ट्यास नवीन कडी जोडावी लागली. शास्त्रीबोवा नाडी पाहत आणि कोड्यांत पडत. पंतांस कोडें नव्हतें. त्यांचें नाक चाकरींत मुरलेलें, आणि रात्रींच्या पंक्तीस महाराज जवळ बसले कीं मिशांस वेलदोड्याचा आणि जायफळाचा वास येई, आणि भाकरी चिवडतांना महाराजांस भूक ती नसेच. महाराज दुपारीं कोठेंतरी खातात हें पंतांनीं ओळखिलें, आणि ओळखून पोटांत ठेविलें. धन्यास ऐसें बोलावें कोणीं?

ऐसें होतां माघांत महाराजांचा वाढदिवस आला. त्या दिवशीं महाराजांची गुळानें तुळा व्हावी आणि तो गूळ रयतेंत वांटावा, ही चाल. एका पारड्यांत महाराज बसले, दुसऱ्यांत गुळाच्या ढेपा चढूं लागल्या, आणि गेल्या सालीं लागला तेवढा गूळ चढला तरी महाराजांचें पारडें जमिनीवरून हालेना. मग बाजारांतून ढेपा आणविल्या. रयतेस आनंद जाहला आणि लोकांनीं महाराजांचा जयजयकार केला. शास्त्रीबोवा मात्र घामाघूम जाहले. कारभारी आबाजीपंत करडे गृहस्थ, त्यांनीं भर दरबारांत पुसिलें कीं, सहा मास पथ्य चाललें, त्याचें फळ हें काय? शास्त्रीबोवांची अब्रू पणास लागली. त्यांनीं इकडे तिकडे पाहिलें, तों रुद्राजीपंत दिसले. ते म्हणाले, पथ्य खोटें नाहीं, त्याच ताटांतलें खाऊन हे पंत पाहा कैसे सडसडीत जाहले. हें ऐकून दरबार पंतांकडे वळला, आणि कारभाऱ्यांच्या मनांत संशय शिरला. ताट एक, अन्न एक, चाकर वाळतो आणि धनी फुगतो, तेव्हां यांत करणी आहे. यानें आपली चरबी मंत्रानें महाराजांच्या अंगावर घातली आणि महाराजांच्या पथ्याचें पुण्य आपण घेतलें. शास्त्रीबोवांस हें पटलें नाहीं, परंतु आपली मान सुटते ऐसें पाहून ते उगेच राहिले. मग कारभाऱ्यांची आज्ञा जाहली कीं, रुद्राजीपंतांनीं उद्यां सूर्यास्ताचे आंत राज्याची हद्द सोडावी. पंतांनीं महाराजांकडे पाहिलें. महाराज बोटांतील अंगठी फिरवीत होते आणि तिजवरचें नक्षीकाम पाहत होते.

पंत घरीं आले. चिमाबाईनें सर्व ऐकून घेतलें आणि म्हणाली, "दरबारांत एक शब्द बोललां असतां तर घर सुटलें नसतें." पंत म्हणाले, "सगळ्या रयतेसमोर धन्याचें खाणें काढूं? त्यांनीं अंगठींतून मान वर केली नाहीं, तेव्हांच मला त्यांची दया आली." चिमाबाई भांडीं बांधूं लागली. परंतु पंतांच्या चित्तांत रुखरुख राहिली कीं, जगास न कळो, पण मला ठाऊक आहे एवढें धन्यास कळावें. म्हणून सकाळीं ते वाड्यावर गेले आणि हात जोडून अर्ज केला कीं, आज शेवटचा दिवस, तरी प्रहरभरही अंतर न देतां सेवा करूं द्यावी, आणि माझ्या आधीं कांहींही महाराजांच्या मुखीं जाऊं नये. कारभारी नको म्हणाले. परंतु महाराजांस मनांतून लाज वाटत होती, त्यांनीं पुढचा विचार न करितां आज्ञा केली, "त्यांची सेवा पुरी होऊं द्या." आणि दुपार होऊं लागली तेव्हां पुढचा विचार सुचला.

कारण ऐसें कीं, महाराज रोज दुपारीं आपल्या आत्याबाईसाहेबांच्या दर्शनास जात. बाळपणीं आई गेली, तेव्हां या आत्याबाईंनींच त्यांस वाढविलें, आणि लेंकरूं रडूं लागलें कीं हातावर कांहीं ठेवून उगें केलें. तीच चाल पुढें राहिली. त्या दिवशीं महाराजांनीं दर्शन टाळावें म्हटलें, परंतु जवाच्या भाकरीवर जीव राहीना, आणि पावलें आपोआप आत्याबाईंच्या महालाकडे वळलीं, आणि पंत मागोमाग. तेथें चौरंगावर अनारसे, चिरोटे, बेसनाचे लाडू, साखरभात आणि वर तुपाची वाटी, ऐसा थाट मांडिला होता. पंतांस पाहून आत्याबाई म्हणाल्या कीं, हें कांहीं जेवण नव्हे, दुपारचा खाऊ आहे, येथें चाखणाराचें काय काम? महाराज म्हणाले, खरेंच, हा खाऊ आहे. पंत नम्रपणें म्हणाले कीं, मुखांत जातें त्यास माझी चाकरी लागू, मग त्यास नांव कांहींही असो. आणि खालीं बसले. आतां सहा महिन्यांचा उपाशी मनुष्य आणि समोर तुपांत भिजला अनारसा, तेथें सेवा आणि लोभ वेगळे कैसे करावे? त्यांनीं एक घास घेतला आणि डोळे मिटले. मग म्हणाले कीं एका घासानें खात्री पटत नाहीं, आणि दुसरा घेतला. मग लाडवाची खात्री केली, मग चिरोट्याची, मग साखरभाताची तर फारच बारकाईनें केली. महाराज टक लावून पाहत राहिले आणि ताटाचा एक कोपरा रिकामा जाहला.

तों अकस्मात पंतांचा रंग उतरला. कपाळीं घाम आला, हात पोटाशीं गेला, आणि ते भिंतीस टेकून खालीं घसरले. आत्याबाईंच्या हातून वाटी पडली. महाराज मोठ्यानें ओरडले कीं विष आहे, शास्त्र्यांस बोलवा. आणि क्षणांत महालांत सेवक, शिपाई, कारभारी, सर्व गोळा जाहले, आणि महाराज पंतांचें डोकें मांडीवर घेऊन बसले, आणि रडूं लागले कीं माझ्या जिभेपायीं हे गेले. आत्याबाई म्हणाल्या कीं मीं माझ्या हातानें केलें, यांत विष कोण घालील. शास्त्रीबोवा धांवत आले, नाडी पाहिली, जीभ पाहिली, मग चौरंगावरचें ताट पाहिलें, आणि ताटाकडे फारच वेळ पाहत राहिले. मग म्हणाले, "विष नाहीं. तूप आहे."

शास्त्रीबोवांनीं गरम पाण्यांत ओवा घालून पंतांस पाजिला आणि सांगितलें कीं, सहा मास साध्या अन्नावर राहिलेलें पोट एकदम इतकें सोसत नाहीं, ओकारी होईल आणि उतार पडेल. मग आत्याबाईंनीं हळू पुसिलें, "यांनीं खाल्लें तें तर बाळराजांच्या रोजच्या खाऊच्या निम्मेंही नव्हतें. मग त्यांच्या पोटाचें काय होत असेल?" शास्त्रीबोवांनीं महाराजांची नाडी हातीं घेतली. आत्याबाई म्हणाल्या, "माझा भाऊ, यांचा बाप, घोड्यावर चढतां चढतां छाती धरून गेला. तोही दुपारीं येथेंच येत असे. तो या ताटानें गेला काय?" शास्त्रीबोवा म्हणाले, "बाईसाहेब, एका ताटानें कोणी जात नाहीं." त्या समजल्या. त्यांनीं पदरानें डोळे पुसिले नाहींत, तैशाच बसून राहिल्या, आणि महाराजांनीं प्रथमच त्यांच्या चेहऱ्याकडे पाहून ताट दूर सारिलें.

दुसरे दिवशीं पंत उठून बसले, आणि महाराजांनीं दरबार भरविला आणि सर्वांदेखत सांगितलें कीं, रुद्राजीपंत निर्दोष आहेत, पथ्य मोडणारा मी होतों, आणि काल एक मनुष्य माझ्या लाजेपायीं देशोधडीस लागत होता. कारभाऱ्यांनीं हद्दपारीची आज्ञा फिरविली आणि करणीचा विषय पुन्हा काढिला नाहीं. शास्त्रीबोवांनींही आपली चूक पाहिली कीं, सगळेंच एकदम तोडिलें म्हणून मन चोरवाटा शोधूं लागलें. त्यांनीं पथ्य सैल केलें. सणावारीं पानांत गोड वाढावें, परंतु तें जेवणांत धरावें, बसून खावें, आणि पोटास थोडी जागा ठेवून उठावें. पहिले कांहीं दिवस महाराजांचें चित्त दुपार होतांच सैरभैर होई. आत्याबाईंचेही हात रिकामे राहीनात, दोनदां तर त्यांनीं लाडू वळिले आणि लाजून पागेंतल्या लोकांस वांटून टाकिले. मग त्यांनीं नवी चाल पाडिली. महाराज दुपारीं येत तेव्हां त्या काठी घेऊन उठत आणि म्हणत, चल, बागेंत फिरूं. प्रथम चिंचेपर्यंत जाऊन महाराज बसत, मग विहिरीपर्यंत जाऊं लागले, आणि उन्हाळा सरतां सरतां बागेस पुरा फेरा घालूं लागले. आत्याबाईंनीं भाऊ गेल्यापासून त्याचें नांव मुखीं आणिलें नव्हतें, तें त्या वाटेवर आणूं लागल्या. तो लहानपणीं कैसा पोहे, कैसा हट्टी, कोणत्या झाडावरून पडला. महाराज बापाच्या गोष्टी ऐकत, पुसत आत्याबाईंच्या पावलानें चालत, आणि एके दिवशीं महाराजांच्या ध्यानांत आलें कीं आपण बोलतही आहों आणि चालतही आहों, आणि दम कांहीं लागला नाहीं. ते तेथेंच उभे राहिले. आत्याबाईंनीं पुसिलें काय जाहलें, तर म्हणाले कांहीं नाहीं, पुढें सांगा.

येणेंप्रमाणें एका पोटाची हकीकत, ऐकिली तैसी लिहिली, पदरचा मसाला बेतानेंच घातला. ज्यानें ही जेवून वाचिली असेल त्यानें उठून थोडें फिरून यावें, ज्यानें उपाशी वाचिली असेल त्यानें स्वस्थ बसून जेवावें, आणि ज्यानें तोंडांत कांहीं टाकीत टाकीत वाचिली असेल त्यानें तें काय होतें हें आठवून पाहावें. लेखनसीमा.